छातीच्या उघड्या जखमांचे निदान-संकेतन

छातीच्या उघड्या जखमांचे निदान-संकेतन म्हणजे छातीवरील त्वचा भेदून झालेल्या जखमेचे वैद्यकीय निदान आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणातील (आयसीडी) ठरावीक संकेतांकांत नोंदविण्याची पद्धती होय. हे वर्गीकरण जागतिक आरोग्य संघटना प्रसिद्ध करते. त्याच्या दहाव्या आवृत्तीत, म्हणजे आयसीडी-१० मध्ये, छातीच्या उघड्या जखमेसाठी एस२१ हा तीन अक्षरांचा गट राखून ठेवलेला आहे. रुग्णालयांत या कामाला सर्रास 'कोडिंग' असे म्हणतात.

या संकेतनातील मध्यवर्ती प्रश्न एकच आहे : जखम छातीच्या भिंतीपुरती मर्यादित आहे, की ती भिंत ओलांडून आतल्या पोकळीत गेली आहे? बाहेरून दिसणाऱ्या जखमेची लांबी-रुंदी या प्रश्नाचे उत्तर देत नाही. वीतभर लांबीची चिरलेली जखम केवळ कातडी व स्नायू यांपुरती असू शकते, तर बोटाच्या पेराएवढी जखम हृदयापर्यंत पोचलेली असू शकते. म्हणून संकेतांक निवडताना जखमेचे स्थान, प्रकार, खोली आणि आतील अवयवांची इजा या चारही बाबी वैद्यकीय नोंदीत स्पष्ट लिहिलेल्या असणे आवश्यक ठरते.

व्याख्या आणि व्याप्ती

आयसीडी-१० मधील इजांच्या प्रकरणात 'उघडी जखम' या संज्ञेत कापल्याची जखम, फाटल्याची जखम, भोसकल्याची किंवा टोचल्याची जखम, प्राण्याच्या चाव्याची जखम आणि आत परकी वस्तू राहिलेली भेदक जखम यांचा समावेश होतो. खरचटणे, मुका मार, फोड, बिनविषारी कीटकाचा दंश, कातडीत शिरलेली कुसळासारखी बारीक वस्तू यांना 'वरवरची इजा' मानले जाते. छातीवरील अशा वरवरच्या इजांसाठी एस२० हा वेगळा गट आहे. भाजल्याच्या जखमा या दोन्ही गटांत येत नाहीत. त्यांची नोंद टी२० ते टी३२ या गटांत होते.

'छाती' या शब्दाचा वर्गीकरणातील अर्थ बोलीतील अर्थापेक्षा काटेकोर आहे. त्यात छातीची पुढची व मागची भिंत, स्तन आणि दोन खवाट्यांमधला पाठीचा भाग येतो. मात्र काख, गळपट्टीचे हाड आणि खवाट्यावरचा भाग हे खांद्याच्या विभागात, म्हणजे एस४० ते एस४९ या गटांत मोडतात. मानेवरील उघड्या जखमेसाठी एस११, तर पोट, कंबर व ओटीपोट यांवरील उघड्या जखमेसाठी एस३१ हा गट आहे. त्यामुळे केसपेपरवर नुसते 'पाठीवर जखम' एवढेच लिहिलेले असेल, तर ती जखम दोन खवाट्यांच्या मध्ये आहे, खवाट्यावर आहे की कमरेवर, हे कळल्याशिवाय अचूक संकेतांक देता येत नाही. जखम धडावर आहे एवढेच माहीत असेल, तर टी०९.१ हा सर्वसाधारण संकेतांक उरतो.

वैद्यकीय पार्श्वभूमी

छातीची भिंत ही कातडी, चरबी, स्नायू, बरगड्या व उरोस्थी यांची बनलेली असते. तिच्या आतल्या बाजूला फुप्फुसावरणाचा एक पातळ पापुद्रा असतो व दुसरा पापुद्रा प्रत्यक्ष फुप्फुसाला लगटून असतो. या दोहोंमधील फटीत हवेचा दाब बाहेरच्या दाबापेक्षा कमी असतो. त्यामुळे फुप्फुस फुगलेले राहते. जखम या फटीपर्यंत पोचली की बाहेरची हवा आत शिरते व फुप्फुस आक्रसते. या अवस्थेला न्यूमोथोरॅक्स म्हणतात. पोकळीत रक्त साचल्यास तिला हिमोथोरॅक्स आणि हवा व रक्त दोन्ही साचल्यास हिमोन्यूमोथोरॅक्स असे म्हणतात.

भिंतीतील भोक मोठे असेल, तर श्वास घेताना हवा श्वासनलिकेऐवजी जखमेतूनच आत ओढली जाते. शस्त्रक्रियाशास्त्रात यासाठी श्वासनलिकेच्या व्यासाच्या सुमारे दोन-तृतीयांश हे प्रमाण सांगितले जाते. अशा जखमेतून श्वासागणिक हवा ओढल्याचा आवाज ऐकू येतो. हृदयावरील आवरणात रक्त साचल्यास हृदयावर दाब येऊन ते नीट प्रसरण पावू शकत नाही. ही स्थिती अल्पावधीत प्राणघातक ठरते.

आणखी एक शारीरिक वैशिष्ट्य संकेतनाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहे. पूर्ण उच्छ्वासाच्या वेळी श्वासपटलाचा घुमट जवळजवळ स्तनाग्राच्या पातळीपर्यंत वर चढतो. त्यामुळे त्या पातळीखालील छातीवर झालेला वार श्वासपटल भेदून यकृत, प्लीहा किंवा जठर यांनाही इजा करू शकतो. जखमेचे तोंड छातीवर असले, तरी तिचा तळ पोटात असू शकतो. अशा रुग्णाच्या नोंदीत छातीच्या संकेतांकाबरोबर एस३६ या गटातील, म्हणजे पोटातील अवयवांच्या इजेचा, संकेतांकही द्यावा लागतो.

वर्गीकरणाचा इतिहास

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास इंग्लंडमधील संख्याशास्त्रज्ञ विल्यम फार यांनी मृत्यूच्या कारणांची जी मांडणी सुचविली, तिच्या पाच मुख्य वर्गांत 'हिंसेचे प्रत्यक्ष परिणाम' हा एक स्वतंत्र वर्ग होता. स्थानिक रोगांची वाटणी शरीरातील स्थानानुसार करावी, हे तत्त्वही त्या मांडणीत होते. १८९३ मध्ये शिकागो येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेच्या अधिवेशनात फ्रान्सचे जाक बेर्तियों यांनी मृत्युकारणांचे वर्गीकरण सादर केले. त्याची पहिली आंतरराष्ट्रीय सुधारणा १९०० मध्ये पॅरिस येथे झाली.

१९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि मृत्यूबरोबरच आजारपणाचाही त्यात समावेश झाला. याच आवृत्तीत इजेची नोंद दोन अंगांनी करण्याची पद्धत रूढ झाली : इजेचे स्वरूप एका संकेतांकाने आणि इजेचे बाह्य कारण दुसऱ्या संकेतांकाने. छातीची जखम हे स्वरूप, तर सुऱ्याचा वार, गोळी, अपघात हे कारण. ही दुहेरी नोंद आजही कायम आहे.

नवव्या आवृत्तीत इजांची मांडणी आधी इजेच्या प्रकारानुसार व नंतर स्थानानुसार केलेली होती. त्यामुळे छातीच्या भिंतीवरील उघडी जखम ८७५ या क्रमांकाखाली, उघड्या जखमांच्या रांगेत बसे. तर त्याच जखमेमुळे झालेला न्यूमोथोरॅक्स किंवा हिमोथोरॅक्स ८६० खाली आणि हृदय व फुप्फुस यांची इजा ८६१ खाली, आंतरिक इजांच्या रांगेत जाई. एकाच वाराचे दोन तुकडे वर्गीकरणाच्या दोन टोकांना विखुरले जात.

दहावी आवृत्ती मे १९९० मध्ये जागतिक आरोग्य सभेने मान्य केली. तिने हा क्रम उलटा केला. इजा प्रथम शरीराच्या विभागानुसार व मग प्रकारानुसार मांडल्या गेल्या. परिणामी छातीच्या सर्व इजा, कातडीवरच्या ओरखड्यापासून हृदयाच्या जखमेपर्यंत, एस२० ते एस२९ या सलग दहा गटांत एकत्र आल्या.

आयसीडी-१० मधील रचना

छातीच्या इजांचे दहा गट पुढीलप्रमाणे आहेत :

• एस२० : वरवरची इजा
• एस२१ : उघडी जखम
• एस२२ : बरगड्या, उरोस्थी व छातीमागील मणके यांचे अस्थिभंग
• एस२३ : सांधे निखळणे, मुरगळणे व ताण
• एस२४ : छातीच्या पातळीवरील मज्जारज्जू व चेतातंतूंची इजा
• एस२५ : छातीतील रक्तवाहिन्यांची इजा
• एस२६ : हृदयाची इजा
• एस२७ : छातीतील इतर अवयवांची इजा
• एस२८ : छाती चिरडणे व छातीचा भाग तुटून वेगळा होणे
• एस२९ : इतर व अनिर्दिष्ट इजा

एस२१ या गटाचे उपविभाग असे आहेत :

• एस२१.० : स्तनाची उघडी जखम
• एस२१.१ : छातीच्या पुढच्या भिंतीची उघडी जखम
• एस२१.२ : छातीच्या मागच्या भिंतीची उघडी जखम
• एस२१.७ : छातीच्या भिंतीवरील अनेक उघड्या जखमा
• एस२१.८ : छातीच्या इतर भागांची उघडी जखम
• एस२१.९ : छातीची उघडी जखम, भाग अनिर्दिष्ट

या यादीत एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. जखम पुढे आहे की मागे, एक आहे की अनेक, हे तिच्यातून कळते. ती पोकळीत गेली आहे की नाही, हे मात्र कळत नाही. मूळ आयसीडी-१० नुसार कातडीपुरती चिरलेली जखम व फुप्फुसापर्यंत गेलेला वार या दोहोंसाठी भिंतीचा संकेतांक एस२१.१ हाच राहतो. इजेची खोली त्याच्या जोडीला दिलेल्या एस२५, एस२६ किंवा एस२७ मधील संकेतांकावरूनच उमगते. म्हणूनच आघातजन्य न्यूमोथोरॅक्स (एस२७.०), हिमोथोरॅक्स (एस२७.१) आणि हिमोन्यूमोथोरॅक्स (एस२७.२) हे तिन्ही एस२१ मधून स्पष्टपणे वगळलेले आहेत. त्यांची नोंद जखमेच्या संकेतांकात सामावली जात नाही. ती स्वतंत्रपणे करावी लागते.

आतील अवयवांसाठी वारंवार लागणारे अन्य संकेतांक पुढीलप्रमाणे : हृदयावरणात रक्तस्रावासह हृदयाची इजा एस२६.०, फुप्फुसाच्या इतर इजा एस२७.३, श्वासनलिकेच्या शाखांची इजा एस२७.४, छातीतील श्वासनलिकेची इजा एस२७.५ आणि फुप्फुसावरणाची इजा एस२७.६. श्वासपटल व अन्ननलिकेचा छातीतील भाग यांच्या इजा एस२७.८ मध्ये येतात.

मुख्य निदानाची निवड

एकाच रुग्णाला अनेक इजा असतात तेव्हा प्रत्येक इजेला स्वतंत्र संकेतांक देणे हा सर्वसाधारण नियम आहे. परंतु आकडेवारीसाठी त्यांतील एक 'मुख्य निदान' म्हणून निवडावे लागते. याबाबत आयसीडी-१० च्या दुसऱ्या खंडातील मार्गदर्शन असे आहे की, आंतरिक इजेबरोबर केवळ वरवरची इजा किंवा उघडी जखम असेल, तर आंतरिक इजा मुख्य मानावी. आणि त्याच जागी अस्थिभंग व उघडी जखम एवढेच असेल, तर अस्थिभंग मुख्य मानावा. म्हणजे छातीच्या भेदक जखमेत एस२१ हा संकेतांक बहुधा दुसऱ्या स्थानी असतो.

अनेक संकेतांक देणे शक्य नसेल, तेव्हा वापरण्यासाठी एक ऐच्छिक पाचवे स्थान उपलब्ध आहे. एस२६ व एस२७ या गटांत त्या स्थानी ० हा अंक 'छातीच्या पोकळीत उघडी जखम नाही' असे, तर १ हा अंक 'पोकळीत उघडी जखम आहे' असे दर्शवितो. मुक्या माराने झालेला हिमोथोरॅक्स व भोसकल्याने झालेला हिमोथोरॅक्स यांतील फरक यामुळे एकाच संकेतांकात राखता येतो. बरगड्यांच्या अस्थिभंगासाठीही (एस२२) अशीच सोय असून तेथे ० म्हणजे बंद व १ म्हणजे उघडा अस्थिभंग.

छातीबरोबर पोटावरही उघड्या जखमा असतील व त्या वेगवेगळ्या नोंदविणे शक्य नसेल, तर टी०१.१ हा एकत्रित संकेतांक आहे. जखमेत नंतर झालेल्या जंतुसंसर्गासाठी टी७९.३ आणि कातडीखाली हवा पसरल्यास टी७९.७ हे संकेतांक जोडले जातात. जखम भरून गेल्यानंतर दीर्घकाळ राहणाऱ्या परिणामांसाठी टी९१ गट आहे : धडावरील उघड्या जखमेचे परिणाम टी९१.० मध्ये व छातीतील अवयवांच्या इजेचे परिणाम टी९१.४ मध्ये.

राष्ट्रीय आवृत्त्या

अनेक देशांनी मूळ आयसीडी-१० मध्ये आपल्या गरजेनुसार भर घातली आहे. छातीची पोकळी भेदली गेली की नाही, हा मूळ वर्गीकरणात झाकलेला प्रश्न काही राष्ट्रीय आवृत्त्यांनी उघड केला.

अमेरिकेत रुग्णालयीन निदानांसाठी १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०-सीएम ही सुधारित आवृत्ती अनिवार्य झाली. तिच्यात एस२१.१ व एस२१.२ हे अनुक्रमे पुढच्या व मागच्या भिंतीच्या 'पोकळी न भेदणाऱ्या' जखमांसाठी, तर एस२१.३ व एस२१.४ हे त्याच जागच्या 'पोकळी भेदणाऱ्या' जखमांसाठी आहेत. पाचवे स्थान जखमेचा प्रकार सांगते : ० अनिर्दिष्ट, १ परक्या वस्तूविना फाटल्याची, २ परक्या वस्तूसह फाटल्याची, ३ परक्या वस्तूविना टोचल्याची, ४ परक्या वस्तूसह टोचल्याची आणि ५ चाव्याची जखम. सहाव्या स्थानी १ म्हणजे उजवी बाजू, २ म्हणजे डावी व ९ म्हणजे अनिर्दिष्ट. सातव्या स्थानी 'ए' हे अक्षर उपचार प्रत्यक्ष चालू असल्याचे, 'डी' जखम भरत असतानाच्या पुढील देखभालीचे आणि 'एस' उत्तरकालीन परिणामाचे निदर्शक असते. मधली स्थाने रिकामी राहत असतील, तर ती 'एक्स' या अक्षराने भरतात.

येथे 'ए' या अक्षराबाबत गैरसमज आढळतो. त्याचा अर्थ 'रुग्णाची पहिली भेट' असा नाही. रुग्ण एका रुग्णालयातून दुसऱ्या रुग्णालयात हलविला गेला व तेथेही जखमेवर सक्रिय उपचार झाले, तर तेथेही 'ए' हेच अक्षर लागते.

जर्मनीच्या आयसीडी-१०-जीएम या आवृत्तीत वेगळा मार्ग स्वीकारलेला आहे. तेथे छातीच्या आतील इजेशी जोडलेल्या उघड्या जखमेसाठी एस२१.८३ हा पूरक संकेतांक असून तो आंतरिक इजेच्या संकेतांकाच्या जोडीला वापरला जातो. दोन्ही देशांची रीत निराळी असली, तरी हेतू समान आहे : भिंतीची जखम व पोकळीची जखम यांची सरमिसळ होऊ न देणे.

बाह्य कारणांचे संकेतांक

इजेचा संकेतांक 'काय झाले' हे सांगतो. 'कसे झाले' हे विसाव्या प्रकरणातील व्ही०१ ते वाय९८ या संकेतांकांतून नोंदविले जाते. छातीच्या उघड्या जखमांच्या बाबतीत पुढील संकेतांक विशेष उपयोगी पडतात :

• डब्ल्यू२५ : धारदार काचेशी संपर्क
• डब्ल्यू५४ : कुत्र्याचा चावा किंवा धडक
• डब्ल्यू५५ : इतर सस्तन प्राण्यांचा चावा किंवा धडक
• एक्स७८ : धारदार वस्तूने स्वतःला केलेली इजा
• एक्स९३ : पिस्तुलाने केलेला हल्ला
• एक्स९९ : धारदार वस्तूने केलेला हल्ला
• वाय२८ : धारदार वस्तूने झालेली इजा, हेतू अनिश्चित

चौथे स्थान घटनास्थळ दर्शविते : ० घर, ४ रस्ता, ५ दुकान वा सेवास्थळ, ६ कारखाना वा बांधकाम, ७ शेत. या संकेतांकांत हेतूची नोंद असल्यामुळे येथे अधिक सावधगिरी बाळगावी लागते. वार कोणी केला, अपघात होता की हल्ला, हे संकेतनकाराने तर्काने ठरवायचे नसते. नोंदीत जे लिहिलेले आहे, तेवढेच संकेतांकात उतरवायचे असते. हेतूचा निर्णय झाला नसल्याचे डॉक्टरांनी किंवा तपास यंत्रणेने नमूद केले असेल, तर वाय२८ वापरता येतो.

उदाहरणे

पुढील तीन कल्पित उदाहरणांतून नियमांचे उपयोजन स्पष्ट होईल.

पहिले उदाहरण : काचेच्या दुकानात काम करताना तावदान फुटून छातीच्या पुढच्या भागावर उजवीकडे लांब चीर पडली. जखम तपासली असता ती कातडी व स्नायू यांपुरतीच असल्याचे डॉक्टरांनी लिहिले. क्ष-किरण चित्रात फुप्फुस प्राकृत आढळले. मूळ आयसीडी-१० नुसार संकेतांक एस२१.१ व डब्ल्यू२५.५. अमेरिकन आवृत्तीत जखमेसाठी एस२१.१११ए.

दुसरे उदाहरण : रस्त्यावर झालेल्या हल्ल्यात छातीच्या पुढच्या भागावर डावीकडे सुऱ्याचा एक वार, कातडीवरील जखम अवघी दोन सेंटिमीटर. छातीत नळी घातल्यावर हवा व रक्त दोन्ही बाहेर आले. येथे मुख्य निदान एस२७.२, त्यानंतर एस२१.१ आणि बाह्य कारण एक्स९९.४. अमेरिकन आवृत्तीत एस२७.२एक्सएक्सए, एस२१.३१२ए आणि एक्स९९.१एक्सएक्सए. या उदाहरणात फक्त एस२१.१ नोंदविले, तर नोंद चूक म्हणता येणार नाही, परंतु अपुरी राहील. आणि आकडेवारीत हा रुग्ण पहिल्या उदाहरणातील रुग्णाच्या शेजारी जाऊन बसेल.

तिसरे उदाहरण : शेतात बैलाने शिंग मारल्याने छातीच्या मागच्या भिंतीवर उजवीकडे उघडी जखम; खाली तीन बरगड्या मोडलेल्या; आतील अवयवांना इजा नसल्याची नोंद. मुख्य निदान एस२२.४ (अनेक बरगड्यांचा अस्थिभंग), त्यानंतर एस२१.२ आणि बाह्य कारण डब्ल्यू५५.७.

भारतातील वापर

भारतात जन्म व मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ अन्वये मृत्यूच्या कारणाचे वैद्यकीय प्रमाणपत्र देण्याची तरतूद आहे. रुग्णालयात झालेल्या मृत्यूसाठी नमुना ४ व रुग्णालयाबाहेरील मृत्यूसाठी नमुना ४-अ वापरला जातो. २०२३ च्या दुरुस्तीने वैद्यकीय संस्थांवरील ही जबाबदारी अधिक स्पष्ट केली. प्रमाणपत्राची प्रत जवळच्या नातेवाइकाला देणेही आवश्यक झाले. या प्रमाणपत्रांतील कारणांचे वर्गीकरण आयसीडी-१० नुसार होऊन देशाची मृत्युकारणांची आकडेवारी भारताच्या महानिबंधकांच्या कार्यालयामार्फत प्रसिद्ध होते. महाराष्ट्रातील व गोव्यातील रुग्णालयांनाही हीच पद्धती लागू आहे.

आरोग्य विम्याच्या दाव्यासाठी रुग्णालयाने भरावयाच्या प्रमाणित अर्जात मुख्य निदान, अन्य निदाने व सहव्याधी यांचे आयसीडी-१० संकेतांक लिहिण्यासाठी रकाने असतात. इलेक्ट्रॉनिक आरोग्य नोंदींसाठी केंद्र सरकारने २०१६ मध्ये जाहीर केलेल्या मानकांतही आयसीडी-१० चा समावेश आहे. त्यामुळे डिस्चार्ज कार्डावर 'छातीला जखम' एवढेच लिहिलेले असेल आणि रुग्ण मात्र छातीत नळी घालून आठवडाभर अतिदक्षता विभागात राहिलेला असेल, तर उपचारांचा खर्च व नोंदलेले निदान यांचा मेळ बसत नाही. अशा वेळी स्पष्टीकरणासाठी रुग्णाच्या नातेवाइकांना पुन्हा रुग्णालयाची पायरी चढावी लागते.

मृत्यूच्या प्रकरणांतील संकेतन

मृत्यूच्या आकडेवारीत 'मूळ कारण' हा शब्द विशिष्ट अर्थाने वापरला जातो. इजेमुळे झालेल्या मृत्यूत मूळ कारण म्हणजे ती प्राणघातक इजा ज्या अपघातामुळे वा हिंसेमुळे झाली, ती परिस्थिती. त्यामुळे सुऱ्याच्या वाराने झालेल्या मृत्यूचे मूळ कारण एक्स९९ या गटात नोंदविले जाते. छातीतील इजेचा संकेतांक तिच्या स्वरूपासाठी जोडीला दिला जातो.

प्रमाणपत्रात कारणांची साखळी वरून खाली लिहिली जाते : पहिल्या ओळीत मृत्यूचे तत्काळ कारण, उदाहरणार्थ रक्तस्रावजन्य शॉक, दुसऱ्या ओळीत हृदयाच्या इजेसह छातीच्या डाव्या बाजूची भेदक जखम, तिसऱ्या ओळीत सुऱ्याने केलेला हल्ला. केवळ 'हृदयक्रिया बंद पडली' असे लिहिल्यास ही साखळीच नाहीशी होते. हृदय बंद पडणे हे प्रत्येक मृत्यूत घडते. ते का बंद पडले, हे सांगणे हा प्रमाणपत्राचा हेतू असतो.

भारतात अनैसर्गिक मृत्यूची चौकशी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९४ नुसार होते (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १७४). शवविच्छेदनाचा अहवाल, पंचनामा व पोलीस तपास हे स्वतंत्र दस्तऐवज आहेत. आयसीडीचा संकेतांक हा सांख्यिकीय नोंदीचा भाग असून तो गुन्ह्याविषयीचा निष्कर्ष नव्हे. त्याचप्रमाणे एखादी दुखापत कायद्याच्या दृष्टीने 'गंभीर' आहे किंवा नाही, हे भारतीय न्याय संहितेतील व्याख्येनुसार ठरते, संकेतांकावरून नव्हे.

नेहमी आढळणाऱ्या चुका

• भिंतीच्या जखमेचा संकेतांक देऊन न्यूमोथोरॅक्स किंवा हिमोथोरॅक्सचा संकेतांक न देणे.
• आघाताशी संबंध नसलेल्या, आपोआप झालेल्या न्यूमोथोरॅक्सचा जे९३ हा संकेतांक जखमी रुग्णासाठी वापरणे.
• काखेतील किंवा खवाट्यावरील जखम छातीच्या गटात नोंदविणे.
• भाग स्पष्ट लिहिलेला असतानाही एस२१.९ हा अनिर्दिष्ट संकेतांक देणे.
• शस्त्रक्रियेचा छेद 'उघडी जखम' समजणे. शस्त्रक्रियेनंतर टाके उसवून जखम उघडी पडल्यास ती टी८१.३ मध्ये नोंदविली जाते; एस२१ मध्ये नव्हे.
• स्तनाच्या कर्करोगामुळे पडलेल्या व्रणाला एस२१.० देणे. तो इजेचा परिणाम नसल्याने तेथे मूळ रोगाचाच संकेतांक लागतो.
• बाह्य कारणाचा संकेतांक गाळणे.

यांतील पहिली चूक बहुतेक वेळा संकेतनकाराच्या अज्ञानातून उद्भवत नाही. ती अपुऱ्या नोंदीतून उद्भवते. जखम फुप्फुसावरण भेदून गेल्याशिवाय पोकळीत हवा शिरणार नाही, हे संकेतनकाराला कळत असते. तरीही डॉक्टरांनी तसे लिहिलेले नसेल, तर एस२७.६ हा फुप्फुसावरणाच्या इजेचा संकेतांक त्याला स्वतःहून देता येत नाही. क्ष-किरण चित्र पाहून किंवा औषधांवरून निदान ओळखणे हे त्याचे काम नव्हे. शंका आल्यास उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडे लेखी विचारणा करणे व त्यांनी नोंद पूर्ण केल्यावरच संकेतांक देणे, ही योग्य रीत मानली जाते.

मर्यादा

आयसीडीचा संकेतांक इजेचे वर्गीकरण करतो, तीव्रता मोजत नाही. एस२७.१ या एकाच संकेतांकाखाली थोडे रक्त साचलेला रुग्ण व तातडीने छाती उघडावी लागलेला रुग्ण असे दोघेही येतात. तीव्रतेसाठी 'ॲब्रिव्हिएटेड इंज्युरी स्केल' यासारख्या वेगळ्या मापनश्रेणी वापरल्या जातात. ही श्रेणी प्रथम १९७१ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्या आधारे १९७४ मध्ये मांडलेला 'इंज्युरी सिव्हिरिटी स्कोअर' अनेक इजांची एकत्रित तीव्रता अंकात व्यक्त करतो.

दुसरी मर्यादा उपचारांविषयीची आहे. छातीत नळी घालणे, छाती उघडून शस्त्रक्रिया करणे, रक्त चढविणे यांपैकी काहीही निदानाच्या संकेतांकातून कळत नाही; त्यासाठी उपचारप्रक्रियांची स्वतंत्र वर्गीकरणे आहेत. संकेतांकाचा उपयोगही उपचारांच्या क्षणी नसतो. जखमी व्यक्तीवरील उपचार तपासणीतील निष्कर्षांवरून आधी होतात. संकेतन नंतर, पूर्ण झालेल्या नोंदीवरून केले जाते.

आयसीडी-११

अकरावी आवृत्ती मे २०१९ मध्ये जागतिक आरोग्य सभेने स्वीकारली व १ जानेवारी २०२२ पासून ती अमलात आली. तिच्यात इजांसाठी बाविसावे आणि बाह्य कारणांसाठी तेविसावे प्रकरण आहे. या आवृत्तीत मूळ संकेतांकाला पूरक संकेतांक जोडून एक समूह तयार करता येतो. जखमेची बाजू, प्रकार व अन्य तपशील अशा जोडणीतून व्यक्त होतात; प्रत्येक संभाव्य मिश्रणासाठी वेगळा तयार संकेतांक ठेवण्याची गरज उरत नाही. अमेरिकन आवृत्तीत एस२१ या एका गटाचेच बाजू, प्रकार व उपचारटप्पा यांनुसार दोनशेहून अधिक संकेतांक झाले होते. ही वाढ टाळणे हा नव्या रचनेचा एक लाभ मानला जातो.

तथापि, रचना बदलली तरी मूळ गरज तीच राहते. जखम कोठे आहे, ती कशाने झाली, ती भिंत ओलांडून गेली का आणि आत कोणत्या अवयवाला इजा झाली, या चार प्रश्नांची उत्तरे वैद्यकीय नोंदीत असतील, तर कोणत्याही आवृत्तीत अचूक संकेतांक देता येतो. ती नसतील, तर सर्वांत तपशीलवार वर्गीकरणातही 'अनिर्दिष्ट' याच संकेतांकावर थांबावे लागते.